गोवा विधानसभेचे सभापती: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी फोंडा तालुक्यात अकरावी-बारावीच्या मुलांना राज्यशास्त्र शिकवते. पावसाळी अधिवेशन सुरू झालं की दरवर्षी वर्गात तेच प्रश्न येतात. घरी आल्यावर शेजारी तेच विचारतात आणि रात्री जुने विद्यार्थी व्हॉट्सॲपवर तेच पाठवतात. म्हणून एकदाची सगळी उत्तरं इथे लिहून ठेवते. राज्यघटनेतली कलमं पाठ्यपुस्तकात आहेतच. गोव्यात त्या कलमांचं काय झालं ते मात्र पुस्तकात नाही आणि मुलांना नेमकं तेच हवं असतं.

गोव्यात ‘सभापती’ म्हणतात आणि महाराष्ट्रात ‘अध्यक्ष’. पद वेगळं आहे का?

पद एकच. महाराष्ट्रात विधानसभा आणि विधान परिषद अशी दोन सभागृहं आहेत. तिथे विधानसभेचा अध्यक्ष आणि परिषदेचा सभापती असं बोलायची पद्धत पडली. गोव्यात विधान परिषद नाही, एकच सभागृह आहे आणि त्याच्या प्रमुखाला आपल्याकडे कोकणीत आणि मराठीत दोन्हीकडे सभापती म्हणतात. त्यामुळे कोल्हापूरचा पाहुणा ‘तुमचे अध्यक्ष’ म्हणाला तर त्याला सभापतीच म्हणायचं असतं.

पहिले सभापती कोण?

पांडुरंग पुरुषोत्तम शिरोडकर. स्वातंत्र्यसैनिक आणि महाराष्ट्रवादी गोमंतक (मगो) पक्षाचे आमदार. गोवा १९ डिसेंबर १९६१ रोजी मुक्त झाला, डिसेंबर १९६३ मध्ये गोवा, दमण आणि दीव या संघप्रदेशाची पहिली निवडणूक झाली, भाऊसाहेब बांदोडकर मुख्यमंत्री झाले आणि जानेवारी १९६४ मध्ये पणजीला मांडवीच्या काठावरच्या आदिलशाही वाड्यात तीस आमदारांचं सभागृह भरलं. सभागृह चालवायचं कसं हे त्या तिसातल्या कुणालाही अनुभवाने माहीत नव्हतं. साडेचारशे वर्षं इथे हुकूम लिस्बनहून यायचे. तिथे ‘माननीय सदस्यांनी खाली बसावं’ असं सांगून माणसं खाली बसवायची, हे काम शिरोडकरांच्या वाट्याला आलं. माझ्या मते त्यांच्यानंतरच्या कुठल्याही सभापतीपेक्षा ते कठीण होतं.

ती विधानसभा पाच वर्षं टिकली नाही. जनमत कौल घ्यायचा म्हणून ती आधीच विसर्जित झाली. १६ जानेवारी १९६७ च्या कौलात १,७२,१९१ मतं संघप्रदेश राहण्याच्या बाजूने पडली आणि १,३८,१७० महाराष्ट्रात विलीनीकरणाच्या बाजूने. मराठी घरांत हे आकडे अजून तोंडपाठ असतात.

सभापतींची निवड कशी होते? हंगामी सभापती म्हणजे काय?

निवडणुकीनंतर राज्यपाल एखाद्या आमदाराला हंगामी सभापती नेमतात. तो नव्या आमदारांना शपथ देतो आणि सभापतींची निवडणूक घेतो. मग आमदार आपल्यातून एकाला बहुमताने निवडतात. सरकारकडे बहुमत असतं, त्यामुळे सभापती सत्ताधारी पक्षाचाच होतो. निवड झाल्यावर मुख्यमंत्री आणि विरोधी पक्षनेता असे दोघे मिळून त्याला आसनापर्यंत नेतात. प्रथा छोटीशीच आहे, पण मला ती फार आवडते.

हंगामी सभापतींना हलकं समजू नका. मार्च २०१७ मध्ये मनोहर पर्रीकर सरकारचा विश्वासदर्शक ठराव २२ विरुद्ध १६ असा मंजूर झाला तेव्हा आसनावर हंगामी सभापतीच होते. २००५ ची गोष्ट पुढे येईलच.

चाळीस आमदारांच्या सभागृहात सभापतींना एवढं महत्त्व का?

आमदार चाळीसच असतात म्हणूनच. घटनेप्रमाणे विधानसभेत किमान ६० सदस्य लागतात. गोव्याला ३० मे १९८७ रोजी घटक राज्याचा दर्जा मिळाला तेव्हा घटनेत ३७१-आय हे कलम घालून आपल्यासाठी हा आकडा किमान ३० केला गेला. आमदार चाळीस झाले. सगळे हजर असतील तर बहुमत २१.

आता हिशेब करा. उत्तर प्रदेशात ४०३ आमदार आहेत. तिथे सभापतींनी एकाला बाहेर काढलं तर बातमी होते. गोव्यात एकाला बाहेर काढलं तर सरकार जातं किंवा राहतं. सभापती स्वतः पहिल्या फेरीत मत देत नाहीत, म्हणजे सत्ताधारी पक्षाचं एक मत त्या खुर्चीत अडकून पडतं. २१ आमदारांचं सरकार प्रत्यक्षात २० मतांवर चालतं. फळ्यावर चाळीस ठिपके काढून त्यातला एक गोल केला की मुलांना हे लगेच समजतं.

मग सभापती मत देऊच शकत नाहीत?

मतं समसमान पडली तर देतात. त्याला निर्णायक मत म्हणतात आणि घटनेच्या १८९ व्या कलमात ते आहे.

गोव्यातलं सगळ्यांत गाजलेलं उदाहरण २००५ चं. पर्रीकरांचं सरकार अडचणीत होतं, काही आमदारांनी राजीनामे दिले होते. २ फेब्रुवारीला विश्वासदर्शक ठराव होता. सभापती विश्वास सतरकर यांनी अपक्ष आमदार फिलीप नेरी रॉड्रिग्ज यांना सभागृहाबाहेर काढलं आणि ठराव मंजूर झाल्याचं जाहीर केलं. त्याच दिवशी राज्यपाल एस. सी. जमीर यांनी सरकार बरखास्त करून प्रतापसिंह राणे यांना शपथ दिली. महिनाभराने, ४ मार्चला, राण्यांनी बहुमत सिद्ध करायचं होतं. आता आसनावर हंगामी सभापती फ्रान्सिस सार्दिन होते. त्यांनी विरोधी बाजूच्या माथानी साल्ढाणा यांना मतदान करू दिलं नाही. मतं १६ विरुद्ध १६ पडली. सार्दिन यांनी आपलं निर्णायक मत सरकारच्या पारड्यात टाकलं. तरीही राष्ट्रपती राजवट लागू झाली.

ही दोन्ही दृश्यं शेजारी ठेवून पाहा. फेब्रुवारीत भाजपच्या सभापतींनी एक माणूस वगळला, मार्चमध्ये काँग्रेसच्या हंगामी सभापतींनी एक माणूस वगळला. वर्गात अर्धी मुलं भाजपच्या घरची असतात, अर्धी काँग्रेसच्या. २००५ शिकवताना मी दोन्ही तारखा एकाच तासाला शिकवते. एकच शिकवली तर मी बाजू घेतली असं होईल.

१९९० साली नेमकं काय झालं होतं? घरातली मोठी माणसं नुसतं ‘नव्वदचा गोंधळ’ म्हणतात.

हे थोडं सविस्तर सांगावं लागेल.

नोव्हेंबर १९८९ मध्ये चाळीस जागांची पहिली निवडणूक झाली. काँग्रेस २०, मगो १८, अपक्ष २. प्रतापसिंह राणे पुन्हा मुख्यमंत्री झाले आणि लोटलीचे डॉ. लुईस प्रोत बार्बोझा सभापती. मार्च १९९० मध्ये काँग्रेसचे सात आमदार फुटले. त्या सातांत स्वतः सभापतीही होते. त्यांनी गोवन पीपल्स पार्टी काढली, मगोशी हातमिळवणी केली, राणे सरकार पडलं. २७ मार्चला चर्चिल आलेमाव मुख्यमंत्री झाले. अठरा दिवसांनी, १४ एप्रिलला, ती खुर्ची बार्बोझांनी घेतली. जानेवारीत सभापती असलेला माणूस एप्रिलमध्ये मुख्यमंत्री! म्हापशाचे सुरेंद्र सिरसाट सभापती झाले.

डिसेंबरात तेही सरकार कोसळलं. सभापती सिरसाट यांनी १३ डिसेंबरला मगोच्या संजय बांदेकर आणि रत्नाकर चोपडेकर यांना पक्षांतराबद्दल अपात्र ठरवलं आणि लगेच बार्बोझांनाही. राष्ट्रपती राजवट आली. २५ जानेवारी १९९१ रोजी मगोतून फुटलेल्या गटाचे नेते रवी नाईक काँग्रेसच्या पाठिंब्यावर मुख्यमंत्री झाले. १५ फेब्रुवारीला सिरसाट यांनी त्यांनाही अपात्र ठरवलं: मुख्यमंत्री खुर्चीवर आणि सभापती म्हणतात हा आमदारच नाही. ४ मार्चला सभागृहाने ठराव करून सिरसाट यांनाच सभापतिपदावरून दूर केलं. उपसभापती सायमन डिसोझा सभापतींचं काम पाहू लागले आणि चार दिवसांत, ८ मार्चला, त्यांनी फेरविचार करून रवी नाईकांची अपात्रता रद्द केली.

वर्षभरात खुर्ची बार्बोझा, सिरसाट, डिसोझा अशी फिरली आणि प्रत्येक वेळी तिच्यावरून सरकार वर-खाली झालं. ‘गोंधळ’ हा शब्द मला त्यासाठी पुरेसा वाटत नाही. ज्यांनी मत दिलं त्यांना वर्षभर कुणी काही विचारलंच नाही, हे त्यातलं खरं दुखणं.

याचा बाकी देशाला काही उपयोग झाला का?

झाला, आणि तो मोठा आहे. पक्षांतराच्या कायद्याचा आजचा अर्थ बराचसा गोव्याच्या या भांडणांतून निघाला.

मगोचे डॉ. काशिनाथ जल्मी सर्वोच्च न्यायालयात गेले. १९९३ मध्ये न्यायालयाने सांगितलं की अपात्रतेचा निर्णय एकदा दिला की सभापतींना त्याचा फेरविचार करायचा अधिकार नाही. दुसरा निवाडा १९९४ चा, रवी नाईक प्रकरणातला. त्यात नाईकांची अपात्रता रद्द झाली, पण बांदेकर आणि चोपडेकर यांची कायम राहिली. हे दोघे आपला पक्ष सोडल्याचं कुठेही लिहून देत नव्हते. राज्यपालांकडे मात्र दुसऱ्या पक्षाबरोबर गेले होते. न्यायालय म्हणालं, पक्ष स्वेच्छेने सोडला हे ठरवायला राजीनाम्याचा कागद लागत नाही, माणसाच्या वागण्यावरूनही ते ठरतं.

आज भारतात कुठेही पक्षांतराचा खटला उभा राहिला की वकील ‘रवी नाईक’ हे नाव घेतात. माझा एक माजी विद्यार्थी पुण्यात कायदा शिकायला गेला. पहिल्याच सत्रात प्राध्यापकांनी हा निवाडा काढला तेव्हा वर्गात फक्त त्याला चोपडेकर हे आडनाव नीट उच्चारता आलं. त्याने मला रात्री फोन करून सांगितलं. आवाजात अभिमान होता.

पक्षांतराच्या याचिकेवर न्यायालयाऐवजी सभापती का निर्णय देतात?

१९८५ मध्ये ५२ वी घटनादुरुस्ती होऊन दहावं परिशिष्ट, म्हणजे पक्षांतरबंदी कायदा, आलं. त्यात हा अधिकार सभापतींना दिला. सभापती निःपक्ष असेल असं कायदा करणाऱ्यांनी गृहीत धरलं होतं. १९९२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने किहोतो होलोहन निवाड्यात ही पद्धत मान्य केली, मात्र सभापतींचा निर्णय न्यायालयात तपासता येईल असंही सांगितलं.

आधी एक तृतीयांश आमदार फुटले तर ती ‘फूट’ मानून माफ होती. २००३ च्या ९१ व्या दुरुस्तीने ती पळवाट बंद केली. आता विलीनीकरणाची वाट उरली: विधिमंडळ पक्षातले दोन तृतीयांश आमदार राजी हवेत. मोठ्या राज्यात दोन तृतीयांश जमवायला पन्नास-शंभर माणसं गोळा करावी लागतात. गोव्यात हाताच्या बोटांवर काम होतं. १० जुलै २०१९ रोजी काँग्रेसच्या १५ पैकी १० आमदार भाजपमध्ये गेले. त्याच वर्षी मार्चमध्ये मगोच्या तिघांपैकी दोघे मध्यरात्री गेले. तिघांचे दोन तृतीयांश म्हणजे दोन. १४ सप्टेंबर २०२२ रोजी काँग्रेसच्या ११ पैकी ८ गेले.

२०१९ च्या याचिका सभापती राजेश पाटणेकर यांनी एप्रिल २०२१ मध्ये फेटाळल्या, मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने फेब्रुवारी २०२२ मध्ये तो निर्णय कायम केला. २०२२ च्या पक्षांतराच्या याचिका सभापती रमेश तवडकर यांनी २०२४ मध्ये फेटाळल्या.

देवळात घेतलेल्या शपथेचं काय झालं?

२०२२ च्या निवडणुकीआधी, जानेवारीत, काँग्रेसने आपल्या उमेदवारांना पणजीच्या महालक्ष्मी मंदिरात, बांबोळीच्या क्रुसासमोर आणि बेती इथल्या दर्ग्यात नेऊन पक्ष न सोडण्याची शपथ घ्यायला लावली होती. आठ महिन्यांनी जे झालं ते वर लिहिलंच आहे. दहाव्या परिशिष्टात देवाला दिलेल्या शब्दाबद्दल काही नाही. सभापतींसमोर फक्त आकडा येतो, अकरातले आठ. पण महालक्ष्मीच्या दारात उभं राहून शब्द दिलेला असतो तेव्हा लोक तो विसरत नाहीत. माझी आई ऐंशी पार केलेली. टीव्हीवर कुणी आमदार दिसला की तिचा पहिला प्रश्न असतो, “हा शपथेतला काय?”

याचिकेवर निर्णयाला किती वेळ लागावा? काही मुदत आहे का?

परिशिष्टात मुदत नाही. २०२० मध्ये मणिपूरच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की साधारण तीन महिन्यांत निर्णय व्हावा. गोव्यात २०१९ आणि २०२२ च्या याचिकांना किती वेळ लागला ते वरच्या तारखांवरून मोजा. मी विद्यार्थ्यांनाही मोजायलाच लावते.

सभापती झालेला माणूस पुढे काय होतो?

हा प्रश्न मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो, आणि गोव्यात त्याचं उत्तर ‘जवळजवळ काहीही’ असं आहे. बार्बोझा मुख्यमंत्री झाले. दयानंद नार्वेकर १९८५ पासून सभापती होते, नंतर उपमुख्यमंत्री झाले. सार्दिन आधी मुख्यमंत्री होते, मग सभापती, मग दक्षिण गोव्याचे खासदार. प्रतापसिंह राणे अनेकदा मुख्यमंत्री राहिले आणि २००७ ते २०१२ सभापती. १९७२ पासून २०२२ पर्यंत पन्नास वर्षं सलग आमदार, एकही निवडणूक हरले नाहीत. तोमाझिनो कार्दोझ १९९५ नंतर सभापती होते. ते कोकणी लेखक आणि तियात्रिस्त, म्हणजे तियात्र या कोकणी नाटकाचे कलावंत. सभागृहात कुणी नाटक करत असेल तर त्यांच्याइतकं लवकर कुणाच्या लक्षात आलं असेल?

डॉ. प्रमोद सावंत यांची गोष्ट ताजी आहे. साखळीचे आमदार, आयुर्वेदाचे डॉक्टर, मार्च २०१७ मध्ये सभापती. १७ मार्च २०१९ च्या संध्याकाळी पर्रीकर गेले. १८ तारखेला मिरामारला अंत्यसंस्कार झाले. त्याच रात्री मित्रपक्षांच्या बैठका चालू होत्या. पहाटे दोनच्या सुमारास दोनापावलच्या राजभवनात सावंतांनी मुख्यमंत्रिपदाची शपथ घेतली. सभापतींनी राजीनामा उपसभापतींकडे द्यायचा असतो, म्हणून त्या काळात आसन मायकल लोबो सांभाळत होते. २० मार्चला त्यांच्याच समोर सावंतांनी २० विरुद्ध १५ मतांनी विश्वास जिंकला. दोन दिवसांपूर्वी इतरांना ‘शांत बसा’ म्हणणारा माणूस आता खालच्या बाकावर उभा राहून सभापतींकडे बोलायची परवानगी मागत होता.

राजेंद्र आर्लेकर हेही आपले सभापती होते ना?

हो, २०१२ ते २०१५. त्यांचा प्रवास मुलांना मुद्दाम सांगावा असा आहे, कारण तो सरळ रेषेत गेला नाही. लहानपणापासून संघाचे, १९८९ मध्ये भाजपमध्ये आले. गोव्यात तेव्हा भाजपचा एकही आमदार नव्हता. ज्या पक्षाचं तिकीट घेऊन हरायचंच, अशा पक्षाचं काम त्यांनी वर्षानुवर्षं केलं. २००२ मध्ये वास्कोतून निवडून आले. २०१२ मध्ये पेडण्यातून. हा गोव्यातला अनुसूचित जातींसाठी राखीव असलेला एकमेव मतदारसंघ. सभापती झाल्यावर त्यांनी विधानसभेचं कामकाज कागदाविना करायला घेतलं. आमदारांसमोरचे कागदांचे गठ्ठे जाऊन पडदे आले. देशात हे फार लवकर करणाऱ्यांत गोवा होता.

नोव्हेंबर २०१४ मध्ये पर्रीकर संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले तेव्हा मुख्यमंत्रिपदासाठी आर्लेकरांचं नाव चर्चेत होतं. लक्ष्मीकांत पार्सेकर मुख्यमंत्री झाले. २०१५ मध्ये आर्लेकर सभापतिपद सोडून मंत्री झाले. २०१७ मध्ये पेडण्यात मगोच्या तिकिटावर उभ्या राहिलेल्या बाबू आजगावकरांनी त्यांना हरवलं. गोव्यात बहुतेकांनी तिथेच त्यांच्या राजकारणाला पूर्णविराम दिला होता. पण जुलै २०२१ मध्ये ते हिमाचल प्रदेशचे राज्यपाल झाले, फेब्रुवारी २०२३ मध्ये बिहारचे, जानेवारी २०२५ मध्ये केरळचे. २८ जानेवारी २०२४ रोजी नितीशकुमारांनी सकाळी राजीनामा दिला आणि संध्याकाळी दुसऱ्या आघाडीचे मुख्यमंत्री म्हणून पुन्हा शपथ घेतली. ती शपथ देणारे राज्यपाल आर्लेकर होते. पाटण्याचं ते दृश्य पाहून गोव्यातल्या माणसाला काहीही नवीन वाटलं नसेल.

सभापती मध्येच राजीनामा देऊन मंत्री होऊ शकतात?

कायद्याने आडकाठी नाही. आर्लेकर झाले. काणकोणचे रमेश तवडकर ऑगस्ट २०२५ मध्ये झाले आणि सप्टेंबरात सावर्ड्याचे गणेश गावकर सभापती झाले. २०२२ मध्ये हंगामी सभापती म्हणून त्यांनीच आमदारांना शपथ दिली होती.

यामागचं कारण एका आकड्यात आहे. ९१ व्या घटनादुरुस्तीने मंत्रिमंडळाचा आकार बांधला. गोव्याला मुख्यमंत्री धरून बारा मंत्री मिळतात. सत्तेत वीस-पंचवीस आमदार, मंत्रिपदं बारा. मग तालुका, जात, समाज यांचा समतोल साधताना उरलेल्या एका वजनदार माणसाला कुठे बसवायचं? सभापतींच्या खुर्चीत. ती गोव्यात मंत्रिमंडळाची तेरावी खुर्ची झाली आहे. त्यात बसलेला माणूस चांगला असू शकतो. तवडकरांनी काणकोणात श्रमधाम योजनेतून गरिबांना घरं बांधून दिली, ते काम लोकांनी डोळ्यांनी पाहिलं आहे. पण ज्याला उद्या मंत्री व्हायचं आहे त्याला आज मुख्यमंत्र्यांना ‘तुमचा वेळ संपला’ असं सांगणं जड जाणारच. माझी तक्रार माणसांबद्दल नाही, या तेराव्या खुर्चीबद्दल आहे. सभापतिपद हा शेवटचा थांबा मानला गेला असता तर वरच्या अर्ध्याअधिक गोष्टी घडल्याच नसत्या असं मला मनापासून वाटतं.

मग सभापतींनी पक्ष सोडायला नको का?

सक्ती नाही, पण सोय आहे. दहाव्या परिशिष्टाचा पाचवा परिच्छेद सांगतो की सभापती झाल्यामुळे कुणी पक्षाचा राजीनामा दिला तर तो अपात्र होत नाही, आणि पद सुटल्यावर त्याच पक्षात परतला तरी होत नाही. पद असेपर्यंत दुसऱ्या पक्षात मात्र जायचं नाही. नीलम संजीव रेड्डी यांनी १९६७ मध्ये लोकसभेचे अध्यक्ष झाल्यावर पक्ष सोडला होता. गोव्यात ही वाट वापरात नाही.

सभापतींना पदावरून काढता येतं का?

येतं. चौदा दिवसांची नोटीस आणि त्यावेळच्या एकूण सदस्यांच्या बहुमताने ठराव. ठराव चर्चेला असताना सभापती आसनावर बसत नाहीत. १९९१ चं सिरसाट यांचं उदाहरण वर आलंच. उलट, विधानसभा विसर्जित झाली की सगळे माजी आमदार होतात, सभापती मात्र नव्या सभागृहाच्या पहिल्या बैठकीपर्यंत पदावर राहतात.

आजवर एकही महिला सभापती का झाली नाही?

हा प्रश्न दरवर्षी मुलीच विचारतात. १९७३ मध्ये शशिकलाताई काकोडकर मुख्यमंत्री झाल्या. त्या वेळी देशातल्या फार थोड्या राज्यांत बाई त्या खुर्चीवर बसली होती. सभापतींच्या यादीत शिरोडकरांपासून गावकरांपर्यंत सगळे पुरुष. २०२२ मध्ये चाळीसांत तीन महिला निवडून आल्या. तिघींतून निवडायचं असेल तर संधी किती असणार? आधी तीस टक्के तरी बायका सभागृहात पोहोचू देत. मला उत्तर यापेक्षा चांगलं देता येत नाही आणि दर वर्षी तेच देताना वाईट वाटतं.

सभागृहात कोणती भाषा चालते?

कोकणी, मराठी आणि इंग्रजी. १९८७ च्या राजभाषा कायद्याने देवनागरी लिपीतली कोकणी राजभाषा झाली आणि मराठीच्या वापरालाही मुभा राहिली. एकाच आमदाराचं भाषण आकडे आले की इंग्रजीत, राग आला की कोकणीत आणि संतवचन आठवलं की मराठीत जातं. पूर्वी उपसभापती असलेले कवी विष्णू सूर्या वाघ तर कोकणी आणि मराठी दोन्ही भाषांत सारख्याच ताकदीने बोलत आणि लिहीत.

अधिवेशन पाहायला जाता येतं का?

जाता येतं. विधानसभा २००० साली पणजीहून पर्वरीच्या टेकडीवर नव्या संकुलात गेली. आपल्या आमदारामार्फत किंवा विधिमंडळ सचिवालयाकडे आधी विचारणा करून पास घ्या. शाळा-महाविद्यालयांचे गट नियमित येतात. ओळखपत्र बरोबर ठेवा, मोबाइल आत नेता येत नाही. गॅलरीत टाळी वाजवायची नाही, बोलायचं नाही, पायावर पाय टाकून रेलून बसलात तरी कर्मचारी येऊन सांगतात. शक्यतो प्रश्नोत्तराच्या तासाला जा, कारण तेव्हा सभागृह भरलेलं असतं. शुक्रवारी खासगी ठराव असतात आणि तेव्हा आमदार पक्षाचा कागद बाजूला ठेवून आपल्या तालुक्याचं बोलतात.

गेल्या खेपेला बसमध्ये मुलं दंगा करत होती. गॅलरीत बसल्यावरही कुजबुज थांबेना. खाली आमदार एकमेकांच्या बाकांवर टेकून गप्पा मारत होते. तेवढ्यात घंटा वाजायची थांबली, मार्शलने सभापती येत असल्याची मोठ्याने वर्दी दिली आणि सगळं सभागृह उभं राहिलं. सत्तरी तालुक्यातून येणारी माझी एक विद्यार्थिनी पुढे झुकून पाहत होती. तिने माझा पदर ओढला आणि अगदी हळू विचारलं, “बाई, मुख्यमंत्रीसुद्धा उठले?”